सॉफ्ट रॉकची जुनी गाणी लॉसलेसमध्ये ऐकायची आहेत? सुरुवात अशी करा

टेनसीसी या इंग्लिश बँडच्या १९७५ सालच्या 'आय'म नॉट इन लव्ह' या गाण्यामागे सतत आवाजांचा एक ढग तरंगत असतो. तो सिंथेसायझर नाही. बँडमधल्या तिघांनी एकेक स्वर १६-१६ वेळा गाऊन टेपवर घेतला, म्हणजे दर स्वरामागे ४८ गळे झाले. त्या टेपच्या लूप बनवल्या, मिक्सिंग डेस्कच्या एकेका फेडरवर (आवाज कमी-जास्त करणाऱ्या सरकत्या बटणावर) एकेक स्वर आणला आणि फेडर वर-खाली करत तो सगळा कोरस वाजवला. मधेच एक बाई अगदी कानाशी कुजबुजते. ती स्टुडिओतली सेक्रेटरी होती. हेच गाणं जुन्या १२८ केबीपीएसच्या (म्हणजे दर सेकंदाला १२८ हजार बिटच्या) एमपीथ्रीत ऐका. चाल कळते, शब्द कळतात, पण ढग चपटा होतो आणि त्याच्या कडा विरघळल्यासारख्या वाटतात.

सॉफ्ट रॉकमध्ये असं बरंच काही उघड्यावर असतं. हार्ड रॉकच्या दाट गिटारींमागे बारीकसारीक गोष्टी झाकल्या जातात. इथे अकूस्टिक गिटारच्या तारेवरून सरकलेलं बोट, ओळ सुरू होण्याआधीचा श्वास, ड्रम्सच्या सिंबलचा विरत जाणारा नाद, एकावर एक रचलेल्या गळ्यांमधलं अंतर, हे सगळं ऐकू येण्यासाठीच ध्वनिमुद्रित केलेलं आहे. सत्तरच्या दशकातल्या स्टुडिओंनी या गाण्यांवर महिनोन् महिने घालवले. ते काम पूर्ण ऐकावं असं वाटत असेल, तर पुढच्या पायऱ्या तुमच्यासाठी आहेत.

एक गोष्ट आधीच स्पष्ट असलेली बरी. लॉसलेस फाईल, म्हणजे ध्वनीतली काहीच माहिती न गाळणारी फाईल, आपोआप चांगली वाजते असं नाही. तिच्यात जे मास्टर (प्रती काढण्यासाठी तयार केलेलं गाण्याचं अंतिम ध्वनिमुद्रण) घातलं ते जसंच्या तसं बाहेर येईल, एवढीच तिची हमी. मास्टर खराब असेल तर तेही जसंच्या तसंच येईल. म्हणून फॉरमॅटपेक्षा 'गाण्याची कोणती आवृत्ती' हा प्रश्न मोठा आहे, आणि मी त्यालाच जास्त जागा दिली आहे.

आकड्यांची तोंडओळख

१९८२ साली बाजारात आलेल्या सीडीवर दर सेकंदाला आवाजाचे ४४,१०० नमुने (सॅम्पल) असतात, प्रत्येक नमुना १६ बिटचा, डावा आणि उजवा असे दोन चॅनेल. गुणाकार केला की सुमारे १,४११ केबीपीएस होतात. चार मिनिटांचं गाणं अशा कच्च्या स्वरूपात साधारण ४२ एमबी भरतं. फ्लॅक किंवा अलॅक हे फॉरमॅट झिप फाईलच्या तत्त्वावर हीच माहिती आवळून ठेवतात; उघडली की शेवटच्या बिटपर्यंत तीच मिळते. आकार बहुतेक वेळा निम्म्यापासून दोन तृतीयांशापर्यंत येतो, शांत गाण्यांचा आणखी कमी. एमपीथ्री आणि एएसी मात्र कानाला जाणवणार नाही असा अंदाज बांधून माहितीचा काही भाग टाकूनच देतात, म्हणून त्यांना लॉसी म्हणतात. ३२० केबीपीएसला तेच गाणं साडेनऊ एमबीच्या आसपास बसतं.

मग फरक ऐकू येतो का? १२८ केबीपीएसला येतो, थोडं लक्ष दिलं तर कुणालाही. ३२० केबीपीएसचा चांगला एमपीथ्री किंवा २५६ केबीपीएसचा एएसी असेल तर बहुतेक लोकांना बहुतेक गाण्यांत तो ओळखता येत नाही, आणि त्यात कमीपणा मानण्यासारखं काही नाही. तरीही संग्रह लॉसलेसमध्येच करावा असं माझं ठाम मत आहे. लॉसलेस फाईलमधून उद्या कुठलाही फॉरमॅट बनवता येतो, उलट दिशेनं येत नाही. शिवाय एखादं गाणं कानाला खटकलं, तर दोष फाईलचा की ध्वनिमुद्रणाचा, हा संशय एकदाचा मिटतो.

पहिली पायरी: स्ट्रीमिंगमध्ये लॉसलेस चालू करा

नव्या माणसानं सीडी आणि उपकरणांच्या मागे लागण्याआधी इथून सुरुवात करावी. टायडल, कोबझ, ॲपल म्युझिक, ॲमेझॉन म्युझिक आणि डीझर यांच्याकडे लॉसलेस मिळतं. स्पॉटिफायनंही सप्टेंबर २०२५ पासून प्रीमियम ग्राहकांसाठी ते आणायला सुरुवात केली. मात्र सदस्यत्व घेतलं की लॉसलेस आपोआप सुरू होईलच असं नाही. ॲपच्या सेटिंगमध्ये ऑडिओ क्वालिटीचा भाग शोधा. तिथे वाय-फाय, मोबाइल डेटा आणि डाउनलोड यांसाठी बहुधा वेगवेगळे पर्याय असतात आणि तिन्ही स्वतंत्रपणे बदलावे लागतात. मोबाइल डेटा मोजून वापरत असाल तर वाय-फायवर अल्बम डाउनलोड करून ठेवा. लॉसलेसचा तासाभराचा खर्च सहज ३०० ते ४०० एमबीपर्यंत जातो.

तिथेच आणखी एक गोष्ट पाहा. डॉल्बी ॲटमॉस 'ऑटोमॅटिक'वर असेल तर तुम्ही कदाचित लॉसलेस ऐकतच नसता. ॲटमॉस म्हणजे त्या गाण्याचं नव्यानं केलेलं वेगळं मिक्स, आणि स्ट्रीमिंगवर ते लॉसी स्वरूपात येतं. काही ॲटमॉस मिक्स सुंदर आहेत, पण १९७० च्या दशकात लोकांनी ऐकलेलं स्टीरिओ मिक्स हवं असेल तर हा पर्याय बंद करा. इक्वलायझर, बास बूस्ट आणि आवाज 'खुलवणारी' बाकीची बटणंही सुरुवातीला बंदच ठेवा. आवाजाची पातळी सारखी करणारं नॉर्मलायझेशन चालू राहिलं तरी हरकत नाही. साध्या स्वरूपात ते फक्त व्हॉल्यूम कमी-जास्त करतं.

दुसरी पायरी: योग्य आवृत्ती शोधा

आता मुख्य काम. एकाच अल्बमच्या नावाखाली मूळ मास्टर, नव्वदच्या दशकातला रीमास्टर (जुन्या टेपवरून नव्यानं बनवलेलं मास्टर), वर्धापनदिनाचा डीलक्स संच आणि डझनभर संकलनं सापडतात. सगळी लॉसलेस, आणि सगळी कानाला वेगळी.

यामागचं कारण समजायला फ्लीटवूड मॅकचा 'रूमर्स' पाहावा. फेब्रुवारी १९७७ मध्ये आलेल्या या अल्बमवर वर्षभर काम चाललं होतं. तीच टेप ओव्हरडबसाठी (आधीच्या ध्वनिमुद्रणावर नवे आवाज चढवण्यासाठी) पुन:पुन्हा मशीनवरून फिरली, तिच्यावरचा चुंबकीय थर झिजत गेला आणि ड्रम्सचा वरचा, कडक भाग बोथट झाला. सुदैवानं मूळ वादनाची दुसरी टेप जवळ होती. ध्वनिमुद्रकांनी दोन मशीन शेजारी लावून, कानानं वेग जुळवत जुळवत, नंतरचे ओव्हरडब त्या ताज्या टेपवर उतरवून घेतले. टेप झिजली की वरचे स्वर जातात, आणि एकदा गेले की पुढचा कुठलाही फॉरमॅट ते परत आणू शकत नाही. मास्टर टेपच्या प्रतीच्या प्रतीवरून बनवलेल्या लॉसलेस फाईललाही हेच लागू आहे. संकलनांमध्ये असं पुष्कळदा होतं: वेगवेगळ्या कंपन्यांची गाणी एकत्र करताना हाताशी असलेली प्रत वापरली जाते. म्हणून 'सर्वोत्तम ५० प्रेमगीतं' छापाच्या संचापेक्षा मूळ अल्बम उघडा.

संकलनांत दुसरीही मेख असते. रिचर्ड आणि कॅरेन या भावंडांच्या कार्पेंटर्स या जोडीची गाणी घ्या. रिचर्ड कार्पेंटरनं आपली जुनी गाणी पुढे अनेकदा नव्यानं मिक्स केली, काही ठिकाणी वादनही नव्यानं भरलं. त्यामुळे मूळ अल्बमवरचं आणि नंतरच्या संचातलं तेच गाणं तंतोतंत सारखं असेलच असं नाही. त्याची नवी मिक्सही विचारपूर्वक केलेली आहेत. पण आपण कोणतं ऐकतोय हे ठाऊक हवं. जुन्या कलाकारांनी उतारवयात पुन्हा गायलेल्या आवृत्त्या ही आणखी वेगळी गोष्ट. नावापुढे 'री-रेकॉर्डेड' असं बारीक अक्षरांत लिहिलेलं असतं, ते वाचायचं राहून गेलं की गायकाचा आवाज अनोळखी का वाटतोय हे कळत नाही.

तिसरा मुद्दा आवाजाच्या पातळीचा. नव्वदच्या दशकापासून मास्टरिंगमध्ये सगळं जोरात वाजवण्याची चढाओढ लागली. हळू भाग वर उचलायचे, जोरकस भाग छाटायचे, की सगळं गाणं एकाच उंचीवर येतं. पहिल्या दहा सेकंदांत हे भारदस्त वाटतं. पण सॉफ्ट रॉकची रचनाच चढ-उतारावर उभी असते. कडवं हळू, पहिला कोरस थोडा वर, शेवटचा पूर्ण भरलेला. कडवंच कोरसइतकं मोठं झालं तर शेवटच्या कोरसला जायला जागा उरत नाही, आणि दोन-चार गाण्यांत कान थकतो. ऑडॅसिटीसारख्या मोफत प्रोग्रॅममध्ये फाईल उघडा. चांगल्या मास्टरमध्ये लहरींची टोकं वेगवेगळ्या उंचीची दिसतात. दाबून टाकलेल्या मास्टरमध्ये सलग जाड पट्टा दिसतो, वरून-खालून कापल्यासारखा.

याचा अर्थ रीमास्टर म्हटलं की वाईट असं नाही. ऐंशीच्या दशकातल्या सुरुवातीच्या काही सीडी घाईनं, हाताशी आलेल्या दुय्यम टेपवरून निघाल्या होत्या, आणि नंतर मूळ टेप शोधून काळजीनं केलेले रीमास्टर त्यांच्यापेक्षा कितीतरी स्वच्छ आहेत. प्रत्येक अल्बमचा निवाडा वेगळा करावा लागतो. टेपची हलकी सळसळ ऐकू आली तर मात्र दचकू नका. ती चुंबकीय टेपची अंगभूत गोष्ट आहे, आणि ती पुसून काढण्याच्या नादात अनेकदा सिंबलची चमक आणि गायकाभोवतीची हवाही पुसली जाते. सळसळ असलेली आवृत्ती मी नेहमी आधी ऐकेन.

हाय-रेझबद्दल थोडक्यात. २४ बिट आणि ९६ किंवा १९२ किलोहर्ट्झच्या फाईल मोठ्या दिसतात, पण सीडीच्या ४४.१ किलोहर्ट्झमध्ये माणसाला ऐकू येणारा २० किलोहर्ट्झपर्यंतचा पट्टा पूर्ण मावतो, आणि त्या काळच्या टेपचा हळू ते जोरकस आवाजाचा आवाकाही १६ बिटमध्ये आरामात बसतो. डोनाल्ड फेगनचा १९८२ चा 'द नाइटफ्लाय' तर थ्रीएम कंपनीच्या ५० किलोहर्ट्झ, १६ बिटच्या डिजिटल यंत्रावरच ध्वनिमुद्रित झाला. त्याच्या १९२ किलोहर्ट्झच्या फाईलमध्ये वरचा मोठा पट्टा रिकामाच असणार. हाय-रेझ आवृत्तीसाठी वेगळं, चांगलं मास्टर वापरलं असेल तर ती जरूर घ्या, नुसत्या आकड्यासाठी नको.

तिसरी पायरी: सीडीवरून स्वतःची फाईल बनवा

घरात जुन्या सीडी असतील तर त्या फेकू नका. विशेषतः स्ट्रीमिंगवर फक्त दाबलेला रीमास्टर असेल, तर जुनी सीडी हाच उत्तम स्रोत ठरतो. कोणती छपाई आहे हे ओळखायला सीडी उलटी करून मधल्या भोकाजवळच्या चकचकीत कड्यावर बघा. प्रकाशात तिरकी धरली की कोरलेले आकडे-अक्षरं दिसतात. तोच मॅट्रिक्स क्रमांक. डिस्कॉग्ज या संकेतस्थळावर तो टाकला की ती प्रत कुठली, हे बहुतेक वेळा सापडतं.

रिप करण्यासाठी, म्हणजे सीडीवरचं संगीत फाईलमध्ये उतरवण्यासाठी, विंडोजवर एग्झॅक्ट ऑडिओ कॉपी, मॅकवर एक्सएलडी वापरा; दोन्ही मोफत आहेत. त्यांत ॲक्युरेटरिप नावाची सोय चालू ठेवा. तुमच्या रिपमधल्या आकड्यांची बेरीज (चेकसम) ती इतरांनी त्याच सीडीवरून केलेल्या रिपशी ताडून पाहते, आणि जुळली की फाईल बिनचूक निघाल्याची खात्री होते. ड्राइव्हचा ऑफसेट (वाचताना होणारा ठरावीक थोडा सरकाव) प्रोग्रॅम बहुतेक वेळा स्वतःच ओळखतो. सीडी पुसायची झाल्यास मऊ कापडानं मधून कडेकडे सरळ रेषेत पुसा, गोलगोल नाही. माहिती गोलाकार मार्गावर असते, त्या दिशेनं पडलेला ओरखडा जास्त नुकसान करतो.

फ्लॅकमध्ये ० ते ८ असे आवळण्याचे स्तर असतात. आवाज सगळ्यांचा तंतोतंत एकच. फक्त आकार आणि फाईल बनायला लागणारा वेळ बदलतो. मूळचा ५ ठेवला तरी चालतं. ॲपलच्या उपकरणांवरच ऐकणार असाल तर अलॅक सोयीचं. एकातून दुसऱ्यात कितीही वेळा बदलून आवाजाचा काहीही भाग जात नाही. नावं, वर्ष, मुखपृष्ठ भरायला म्युझिकब्रेन्झ पिकार्ड आहे. आणि सगळ्या संग्रहाची दुसरी प्रत वेगळ्या डिस्कवर ठेवा, ती पहिल्याच दिवसापासून.

चौथी पायरी: फाईल खरी आहे का ते तपासा

एमपीथ्री फ्लॅकमध्ये बदलला की आकार वाढतो, नाव बदलतं, पण टाकून दिलेली माहिती परत येत नाही. कुठूनतरी मिळालेल्या फाईलबद्दल शंका असेल तर स्पेक या छोट्या मोफत प्रोग्रॅममध्ये ती टाका. आडवा अक्ष वेळेचा, उभा कंपनसंख्येचा. सीडीवरून निघालेल्या फाईलमध्ये रंग २० किलोहर्ट्झच्या वरपर्यंत हळूहळू विरत जातो. १२८ केबीपीएसच्या एमपीथ्रीवरून बनवलेल्या फाईलमध्ये १६ किलोहर्ट्झपाशी सरळ रेषेत सगळं तुटतं आणि वर काळोख. एक सावधगिरी: जुन्या शांत गाण्यांत मुळातच वरचे स्वर कमी असू शकतात. तिथे रंग हळूहळू मावळतो. सरळ कापलेली आडवी रेषा दिसली तरच संशय घ्या.

पाचवी पायरी: फोनपासून कानापर्यंतचा रस्ता

इथे बरेच नवखे अडखळतात. लॉसलेस फाईल साध्या ब्लूटूथ हेडफोनवर लावली की वाटेत ती पुन्हा आवळली जाते. एसबीसी, एएसी, ॲप्टएक्स, एलडॅक हे ब्लूटूथवर आवाज आवळण्याचे सगळे प्रकार लॉसी. एलडॅकही जास्तीत जास्त ९९० केबीपीएसपर्यंतच जातो. ॲप्टएक्स लॉसलेस नावाचा प्रकार आहे, पण त्यासाठी फोन आणि हेडफोन दोन्ही त्याचे हवेत आणि सिग्नलही मजबूत हवा. प्रवासात ब्लूटूथवर ऐकायला काहीच हरकत नाही. लक्ष देऊन ऐकायचं असेल तेव्हा वायर लावा.

फोनला हेडफोनचं भोक नसेल तर यूएसबी-सीचा छोटा डॅक लागतो. डिजिटल आकड्यांचा विजेच्या लहरीत बदल करणारा एवढाच तो तुकडा. साधासुधाही पुरतो. जास्तीचा खर्च करायचा तर हेडफोनवर करा, कारण ऐकू येणारा सगळ्यात मोठा फरक तिथे पडतो. शांत खोली असेल तर ओपन-बॅक (मागून उघडे) हेडफोन या संगीताला छान खुलवतात, गळे कवटीच्या आत न राहता थोडे बाहेर पसरतात. आजूबाजूला गोंगाट असेल तर क्लोज्ड-बॅकच बरा.

स्पीकरवर ऐकणार असाल तर दोन्ही स्पीकर आणि तुम्ही मिळून साधारण समभुज त्रिकोण करा, उंच स्वरांचा छोटा स्पीकर कानाच्या पातळीत आणा आणि मागच्या भिंतीपासून थोडं अंतर ठेवा. याला एक पैसा लागत नाही आणि गायक बरोबर मधोमध उभा राहतो.

संगणकावर विंडोजमध्ये फूबार२००० वापरून वसापी एक्सक्लुझिव्ह हा आउटपुट निवडला की सिस्टीम आवाजात ढवळाढवळ करत नाही. मॅकवर ऑडिओ मिडी सेटअपमध्ये फाईलचा सॅम्पल रेट निवडता येतो. हे बारकावे सगळ्यात शेवटी बघितले तरी चालतील.

सहावी पायरी: ऐका

सुरुवातीला एकच गाणं घ्या, आणि ते आधीपासून पाठ असलेलं घ्या. पहिल्यांदा नुसतं ऐका. दुसऱ्यांदा फक्त बास गिटारच्या मागे जा. तिसऱ्यांदा मागचे गळे. कार्पेंटर्समध्ये मागचा कोरस बहुतेक दोघा भावंडांच्याच गळ्यांचे थर असतात. कॅरेनचा खालच्या पट्टीतला मुख्य आवाज आणि तिचेच वरचे थर वेगळे काढता येतात का पाहा. स्टीली डॅनच्या १९७७ च्या 'एजा' या अल्बमला ध्वनिमुद्रणाचं ग्रॅमी मिळालं होतं. त्याच्या शीर्षकगीतात शेवटाकडे स्टीव्ह गॅडचे ड्रम्स उसळतात. लॉसी फाईलची एक ओळखीची खोड अशाच जागी पकडता येते. कमी बिटरेटला ठोक्याच्या आधीच एक पुसट फुसका आवाज लागतो, कारण एमपीथ्री आवाजाचे तुकडे पाडून हिशेब करतो आणि तुकड्यातली चूक ठोक्याच्या अलीकडेही सांडते. लॉसलेसमध्ये ठोका पडेपर्यंत जागा रिकामी असते.

स्वतःची परीक्षा घ्यायची तर फूबार२००० मध्ये एबीएक्स चाचणीचा जोड मिळतो. आपल्याच फ्लॅकवरून एमपीथ्री बनवा आणि कोणती फाईल वाजतेय हे न बघता ओळखा. दोन वेगवेगळ्या मास्टरची तुलना करतानाही एक पथ्य पाळा: आधी आवाजाची पातळी सारखी करा. अगदी थोडी जोरात वाजणारी फाईलही कानाला 'चांगली' वाटते, आणि दाबलेले रीमास्टर नेमके तिथेच जिंकतात. त्यासाठी फाईलची पातळी मोजून व्हॉल्यूम जुळवणारी रीप्लेगेन ही सोय वापरा.

व्हॉल्यूम मध्यम ठेवा. जागतिक आरोग्य संघटनेच्या सूचनेनुसार मोठ्या माणसांसाठी ८० डेसिबल आवाज आठवड्याला ४० तासांपर्यंत सुरक्षित धरला जातो. आवाज वाढला की ही मुदत झपाट्यानं कमी होते. स्पष्ट, न फाटणारा आवाज किती मोठा आहे हे लवकर लक्षात येत नाही, म्हणून फोनमधली डेसिबल मर्यादा लावून ठेवा.

मूळ छपाई आणि रीमास्टर अशा दोन आवृत्त्या ऐकून झाल्या की जी आवडली तिचं वर्ष आणि मॅट्रिक्स क्रमांक फाईलच्या टॅगमधल्या कॉमेंटच्या रकान्यात लिहा. दुसरी लगेच पुसू नका. हेडफोन बदलला की निवड कधीकधी उलटते, तेव्हा दोन्ही हाताशी असलेल्या बऱ्या.